अर्धा किलो खिमा आणि आठ ताटं

तळेगाव श्यामजी पंतहून आम्ही बोलतोय. आम्ही म्हणजे बचत गटाच्या सहयोगिनी, आणि आमच्या सोबतीला गटातल्या चार बाया, ज्या आत्ता माइकसमोर एक शब्द बोलायला तयार नाहीत पण बाहेर पडल्यावर तासभर बोलतील. आजचा विषय स्वयंपाकाचा आहे. पण तो जिथून निघाला ते आधी सांगतो, नाहीतर तुम्ही म्हणाल, रेडिओवर येऊन या मटण कसलं शिकवतायत.

पोळ्यानंतरची गटाची बैठक होती. श्रावण सुटलेला. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी आपल्याकडे खाणाऱ्यांच्या घरी मटण शिजतंच, गल्लीत शिरलं की वासावरून कळतं. बचत जमा झाली, सह्या-अंगठे झाले, आणि आम्ही सहज विचारलं, काय गं, कसं झालं होतं मटण? एक म्हणाली, मस्त. दुसरी म्हणाली, मस्त. मग आम्ही विचारलं, तुझ्या ताटात किती फोडी आल्या? सगळ्या हसायला लागल्या. एक काकू म्हणाल्या, "फोडी कायच्या वो, तर्री अन् भाकर. फोडी माणसाईले अन् पोराईले."

कोणी तक्रार करत नव्हतं, बरं का. कोणी हिसकावून घेतलं असंही नाही. आपल्याच हातात पळी असते. सासऱ्यांना वाढतो, नवऱ्याला वाढतो, पोरगं "आणखी एक" म्हणतं तर त्याला देतो. आपण बसतो तेव्हा गंजाच्या तळाशी एखादं हाडूक आणि मसाला. तो भाकरीनं पुसून घेतो, तोही गोड लागतो. त्याच बैठकीत एक वहिनी होती, सातवा महिना लागलेला. तिचं हिमोग्लोबिन तपासणीत साडेआठ आलं होतं. तिनं पण हेच सांगितलं, तर्री अन् भाकर. मग हसणं थांबलं.

आपल्या महाराष्ट्रात १५ ते ४९ वयाच्या बायांची तपासणी झाली, राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षण म्हणतात त्याला, २०१९ ते २०२१ चं. त्यात १०० पैकी ५४ बायांचं रक्त कमी निघालं. त्याच्या आधीच्या सर्वेक्षणात ते ४८ होतं. म्हणजे मोबाइल आले, गॅस आला, आणि रक्त मात्र उतरलं. हैदराबादच्या राष्ट्रीय पोषण संस्थेचा हिशोब असा, की गड्याला दिवसाला १९ मिलिग्रॅम लोह लागतं आणि पाळी येणाऱ्या बाईला २९. जिला जास्त लागतं तिच्या ताटात तर्री.

आता याच्यावर भाषण करून काय होणार? सासूला सांगा, सुनेला दोन फोडी द्या. सासू देईल एक दिवस, सून ती पोराच्या ताटात सरकवेल. आम्ही स्वतः तेच करतो, खोटं कशाला बोला. आम्हाला असं काही पाहिजे होतं की ज्यात फोड नावाची गोष्टच उरणार नाही.

तर ते सुचलं एका पोरीमुळे. गटातल्याच एका ताईची मुलगी पुण्याला होस्टेलवर राहते. दिवाळीत आली आणि म्हणाली, आई, पास्ता कर. आईनं विचारलं, ते काय असतं? पोरीनं मोबाइलवर फोटो दाखवला. पीठाच्या पोकळ नळ्या, त्याच्यावर लाल दाट रस्सा, रश्शात बारीक खिमा. तिची आजी चष्मा लावून बघत होती. ती म्हणाली, "हे त सरगुंडेच हायेत. त्याच्यावर काय सांडवलं हे?"

सरगुंडे आपल्या सगळ्यांना माहीत आहेत. उन्हाळ्यात कुरड्या-पापडांसोबत अंगणात बसून करतो. रवा आणि कणीक घट्ट मळायची, मुरू द्यायची, बारीक वळी काढायची आणि काडीवर गुंडाळत जायची. काडी ओढून घेतली की पोकळ वेटोळं उरतं. लग्नाच्या रुखवतात ठेवतात, व्याही आले की आमरसासोबत वाढतात. ज्यांच्या घरी आजकाल करत नाहीत त्यांना शेवया तरी माहीत आहेत. इटलीतले लोक नळ्या करतात त्या ज्या कडक गव्हाच्या, तो आपल्याकडे बन्सी म्हणून पिकायचा. पुण्याच्या आघारकर संशोधन संस्थेनं याच जातकुळीतला एमएसीएस ४०२८ हा गहू काढलाय, त्यात १४.७ टक्के प्रथिनं असतात. शिजवल्यावर लगदा होत नाही, तो या गव्हाच्या रव्याचा गुण. साध्या लोकवन कणकेचे सरगुंडे केले तर अर्धा भाग रवा घाला, बाकी काही फरक पडत नाही.

आम्ही थोडी माहिती काढली. इटलीत बोलोन्या नावाचं शहर आहे, तिथला हा रस्सा प्रसिद्ध. १९८२ साली तिथल्या पाककला अकादमीनं त्याची कृती लिहून शहराच्या व्यापारी मंडळात चक्क नोंदवून ठेवली, आपण सातबारा नोंदवतो तशी. त्यात बारीक कापलेलं गाजर आहे, कांदा आहे, टमाटे आहेत, शेवटी थोडं दूध आहे, वाइन पण आहे. वाइनचं नाव काढल्यावर बैठकीत जो गोंधळ झाला तो इथं सांगत नाही. आणि ते टमाटे, ते इटलीचे पण नाहीत, आपलेही नाहीत. दोघांकडे अमेरिका खंडातूनच आले, चारपाचशे वर्षांच्या आत. म्हणजे आजीला "परक्याचं" वाटलं त्यातलं अर्धं आपणही परक्याचंच खातो. आजीचा खरा आक्षेप वेगळा होता. सरगुंडे हे लग्नातलं सात्त्विक, त्याला मटण कसं लावायचं? यावर आम्ही वाद घातला नाही. ज्यांना चालत नाही त्यांनी मटणाच्या रश्शासाठी वरणफळांसारखे कणकेचे चौकोनी तुकडे करून वाळवावेत. आजीच्या घरी तेच होतं.

पहिल्या वेळी आमचं पूर्ण फसलं, ते आधी सांगतो. आम्ही सावजीच्या सवयीनं गेलो. तेल भरपूर, तिखट भरपूर, सगळं एकदम गंजात. टमाटे आणि खिमा एकत्रच टाकले. दोघांना पाणी सुटलं, खिमा त्या आंबट पाण्यात उकडत राहिला आणि रबरासारखे गोळे झाले. वर लाल तर्री, खाली पांढरे गोळे. सरगुंडे लहान पातेल्यात उकडले, ते एकमेकांना चिकटून त्यांचा भोपळा झाला. कुत्र्यानं पण वास घेऊन विचार केला. सावजी रस्सा म्हणजे नागपूरच्या हलबा कोष्टी विणकरांची करामत, त्याची चव तर्रीत असते. या रश्शाची चव तर्रीत नाही, त्यामुळे त्याची रीतच वेगळी. चौथ्या वेळेला जमलं. ते आता सांगतो, पेन-कागद घ्या.

आठ माणसांचं माप. खिमा अर्धा किलो, बकऱ्याचा किंवा कोंबडीचा. टमाटे एक किलो, लाल पिकलेले, हिरवट नकोत. कांदे तीन मोठे. गाजरं दोन. कोहळं, म्हणजे लाल भोपळा, पावभर. एक मध्यम वांगं. लसणाचे दहाबारा कांड्या, आल्याचा बोटभर तुकडा. तेल पाच-सहा चमचे, जास्त नाही. तेजपत्त्याचं एक पान, कलमीचा लहान तुकडा, पाचसहा मिरे, हळद, धन्याची पूड दोन चमचे, तिखट आपल्या घरच्या अंदाजानं पण नेहमीच्या निम्मं. मूठभर सांबार. सरगुंडे पाऊण किलो.

खिमा आयता करून ठेवलेला घेऊ नका. तुकडा निवडा, डोळ्यांसमोर बारीक करून घ्या आणि मशीन धुतलंय का ते बघा. बारीक केलेलं मटण फोडींपेक्षा लवकर खराब होतं, म्हणून आणलं त्या दिवशीच शिजवायचं, उन्हाळ्यात तर आणल्या तासाला. चाळणीत घालून एकदा पाणी सोडा आणि हातानं दाबून सगळं पाणी काढा. ओला खिमा परतला जात नाही, उकडतो.

आता गंज चांगला तापू द्या. जाड बुडाचा घ्या, ॲल्युमिनियमच्या पातळ पातेल्यात खाली लागेल. दोन चमचे तेल टाका आणि खिमा पसरून टाका. लगेच हलवू नका. आपला हात शिवशिवतो, आम्हाला माहीत आहे, पण थांबा. आधी पाणी सुटेल, मग ते आटेल, मग चर्रर्र आवाज येईल, तेव्हा उलथन्यानं मोडत मोडत हलवायचं. रंग करडा जाऊन बदामी आला पाहिजे. याला दहा ते बारा मिनिटं लागतात. सगळी चव या दहा मिनिटांत आहे. मग खिमा ताटात काढून ठेवा.

त्याच गंजात उरलेलं तेल, तेजपत्ता, कलमी, मिरे. त्यावर बारीक कापलेला कांदा, मंद आचेवर, लाल होईस्तोवर नाही तर मऊ आणि गोडसर होईस्तोवर. तळाला खिम्याचं जे तपकिरी चिकटलेलं असेल ते कांद्याच्या ओलीनं सुटून येतं, ते खरवडून घ्या, करपलं म्हणून फेकू नका. मग आलं-लसूण वाटलेलं. मग गाजर आणि कोहळं किसणीवर किसून, वांगं अगदी बारीक कापून. भाज्या किसायच्या का? कारण पोरं गाजराची फोड वेचून बाजूला ठेवतात, आणि मोठी माणसं पण कमी नाहीत. किसलेलं वेचता येत नाही. वांगं आणि कोहळं तासाभरात विरघळून जातं आणि रस्सा दाट होतो. खोबरं-खसखस लागत नाही, तेवढा पैसा वाचला.

टमाटे उकळत्या पाण्यात दोन मिनिटं टाका, साल काढा, हातानं कुस्करा. भाज्या मऊ झाल्या की हळद, धने, तिखट, आणि वर टमाटे. आता झाकण न ठेवता आटवायचं, वीस मिनिटं तरी. टमाट्याचं पाणी जाऊन बाजूनं तेल दिसायला लागलं की खिमा परत टाका, एक तांब्या गरम पाणी टाका, गार पाणी नको, आणि झाकण ठेवून अगदी बारीक आच करा. बकऱ्याच्या खिम्याला एक तास, कोंबडीला अर्धा तास. चुलीवर करत असाल तर लाकडं ओढून नुसत्या निखाऱ्यावर ठेवा, यासाठी चूल गॅसपेक्षा बरी. अधूनमधून तळापासून हलवा. मीठ शेवटी, कारण रस्सा आटतो आणि आधी टाकलेलं मीठ डोक्यावर बसतं. टमाटे फार आंबट निघाले तर सुपारीएवढा गूळ. ते लोक दूध घालतात ते याचसाठी, आंबटपणा मोडायला. आम्ही अर्धी वाटी दूध घालून पाहिलं. चांगलं लागलं, पण मटणात दूध म्हटल्यावर दोघींनी ताटच बाजूला केलं, म्हणून गुळावर आलो.

पळी उभी केली तर हळूहळू आडवी व्हावी इतका दाट झाला की उतरवा. सांबार वरून.

सरगुंड्यांना मोठा गंज, भरपूर पाणी, पाण्यात मीठ. पाण्याला जोरात उकळी असतानाच टाका. किती वेळ ते तुमच्या वळीच्या जाडीवर, दहा मिनिटांनंतर एक काढून दातानं तोडून बघा. आतला पांढरा कच्चा ठिपका जेमतेम गेला की पाणी गाळा. ते पिठूळ पाणी सगळं फेकू नका, एक वाटी रश्शात घाला, त्यानं रस्सा सरगुंड्यांना धरून राहतो. आणि वाढताना पांढऱ्या सरगुंड्यांवर रश्शाची पळी ओतायची नाही. सरगुंडेच रश्शाच्या गंजात टाकायचे, दोन मिनिटं खालीवर करायचे. मग जी पळी निघेल ती सारखी. आमचा सगळा डाव या एका गोष्टीत आहे.

आपल्याकडे माळकरी घरं खूप. गुरुकुंज मोझरी याच रस्त्यावर पुढे, गुरुदेव सेवा मंडळाची माणसं गावोगाव, महानुभाव पंथाची घरंही आहेत. त्यांच्यासाठी हाच रस्सा सोयाबीनच्या वड्यांचा. वड्या गरम पाण्यात भिजवा, दोन वेळा घट्ट पिळा म्हणजे वास जातो, मग हातानं चुरा आणि खिम्यासारख्याच कोरड्या परता. किंवा बरबटी उकडून अर्धवट ठेचा. गंज वेगळा, पळी वेगळी, आणि शक्य असेल तर आधी तो रस्सा करून झाकून ठेवायचा. गटात दोन्ही प्रकारच्या बाया असताना ही काळजी घेतली नाही तर पुढच्या वेळी निम्म्या येणारच नाहीत. जाता जाता एक सांगतो, सोयाबीन आपण पोत्यानं विकतो आणि त्याच्या वड्या पाकिटानं विकत आणतो. याच्यावर एक वेगळा कार्यक्रम व्हायला पाहिजे.

लोहाचं एवढंच लक्षात ठेवा. मटणातलं लोह अंगाला लवकर लागतं, डाळी-भाजीतलं कमी लागतं, पण सोबत मटण असलं किंवा आंबट फळ असलं तर भाजीतलंही जास्त लागतं. आष्टी, कारंजा, आर्वीकडे संत्र्याच्या बागा आहेत, आंबिया बहार दिवाळीच्या पुढेमागे येतो, मृग बहार फेब्रुवारी-मार्चमध्ये. जेवल्यावर एक संत्रं खा. बाजारात जातं ते मोठं, आपल्याला बारकं चालतं. आणि जेवल्याजेवल्या चहा पिऊ नका, तो लोह अडवतो, तासभर तरी जाऊ द्या. दवाखान्यातून मिळालेल्या लोहाच्या गोळ्या यामुळे बंद करायच्या नाहीत, डॉक्टर सांगतील तोपर्यंत त्या चालू. पोटुशी बाई असेल तर खिमा पूर्ण शिजलेलाच पाहिजे, कुठे लालसर राहिला तर चालणार नाही.

हिशोब. आम्ही केला त्या दिवशी बकऱ्याचा अर्धा किलो खिमा ४०० रुपये, टमाटे ३०, बाकी भाजी ४०, तेल-मसाला ५०, सरगुंडे आमच्याच गटाचे २०० रुपये किलोनं पाऊण किलो म्हणजे १५०. झाले ६७०. आठ ताटं, ताटाला ८४ रुपये. कोंबडीचा खिमा १६० ला आला होता, त्यात ताट ५४ रुपयांना पडलं. हेच अर्धा किलो मटण फोडी करून शिजवलं असतं तर आठ जणांत किती फोडी आल्या असत्या आणि त्यातल्या कोणाला, ते तुम्हीच मोजा.

तळेगाव नागपूर-अमरावती रस्त्यावर आहे, ढाबे आहेत, म्हणून आम्हाला वाटलं हे विकूया. एका कार्यक्रमाची साठ ताटांची ऑर्डर मिळाली. ताटं खाऊन झाली, सगळ्यांनी वाहवा केली, आणि पैशासाठी आम्ही चार महिने चकरा मारल्या. गटातल्या बायांनी घरचे पैसे घातले होते. एकीनं मुलाच्या फीचे घातले होते, तिची माफी आम्ही अजून मागतो. आता निम्मी रक्कम आधी, नाही तर चूल पेटत नाही. आणि ताजं विकण्यापेक्षा सरगुंड्यांची पाकिटं विकणं बरं, ती खराब होत नाहीत.

आता त्या सातव्या महिन्यातल्या वहिनीचं. तिच्या घरी आम्ही दोघी गेलो, रस्सा करून दाखवायला म्हणून. तिच्या सासूबाई तिखट आहेत, त्यांनी आम्हाला दारातच विचारलं, "आमाले का सयपाक येत नाई?" आम्ही म्हटलं, येतो की, तुमच्याकडून मसाल्याचं माप घ्यायला आलो. मग त्या स्वतःच चुलीपाशी बसल्या आणि आमच्या मापाच्या दुप्पट मिरे टाकले. शिजल्यावर त्यांनी पळी घेतली. सवयीनं गंजात खालून ढवळून बघितलं, फोड शोधायला. फोड नव्हती. पुन्हा ढवळलं. मग आमच्याकडे बघितलं. आम्ही गप्प. त्यांनी सासऱ्यांचं ताट वाढलं, मुलाचं वाढलं, नातवाचं वाढलं, आणि आम्ही हळूच म्हटलं, काकू, सगळी आठही ताटं आत्ताच वाढून ठेवा ना, सरगुंडे गार झाले की चिकटतात. हे खोटं नाही, खरंच चिकटतात. त्यांनी वाढली. सुनेचं ताट सहावं होतं, सगळ्यांसारखं. तिनं ते उचलून चुलीमागे नेलं, तेव्हा सासूबाई म्हणाल्या, "अंधारात काऊन बसतं वो? इकडे ये."

सगळं एका दिवसात बदललं असं आम्ही म्हणणार नाही. पुढच्या पोळ्याला त्यांच्याकडे फोडींचं मटणच झालं आणि जे व्हायचं ते झालं. पण महिन्यातून दोनदा हा रस्सा होतो, असं ती सांगते. तिला मुलगी झाली. गोळ्या चालू होत्या, पुढच्या तपासणीत रक्त दहाच्या वर गेलं होतं. त्यात रश्शाचा वाटा किती आणि गोळ्यांचा किती, ते आम्ही सांगू शकत नाही.

शेवटचं, उरलेल्या रश्शाबद्दल खूप जणी विचारतात. थंडीत रात्रभर झाकून राहतो, सकाळी खळखळून उकळी आणून भाकरीसोबत खा, सरगुंड्यांपेक्षा भाकरीसोबत जास्त चांगला लागतो असं आमचं मत आहे. उन्हाळ्यात उरवूच नका. आणि सरगुंडे करायचे असतील तर रवा आत्ताच दळून आणा, होळीनंतर ऊन चांगलं लागतं, पण चक्कीवर गर्दी होते. नमस्कार.